आखडलेला खांदा आणि सांध्यांतील दुर्बीण

नेरूळ स्थानकावर सकाळच्या वेळीं मुंबईकडे जाणाऱ्या गाडींत चढलेल्या मनुष्याला बसावयास जागा मिळाली नाहीं, म्हणजे त्याचा हात आपोआप वर जातो आणि डोक्यावर लोंबणारी कडी पकडतो. ही क्रिया इतकी सहज घडते कीं, तींत कांहीं विशेष आहे असें कोणाच्या मनांतहि येत नाहीं. पण एखाद्या दिवशीं तोच हात खांद्याच्या पातळीशीं येऊन अडतो, पुढें नेऊं म्हटलें तर खांद्यांतून कळ निघते, आणि त्या गृहस्थाला दुसऱ्या हातानें कडी धरून वाशीची खाडी ओलांडावी लागते. घरांतहि हीच गोष्ट निरनिराळ्या रूपांनीं प्रकट होते. गृहिणीला वेणी घालतां येत नाहीं, पोलक्याचा पाठीवरचा हूक लावतां येत नाहीं, फडताळाच्या वरच्या फळीवरील डबा काढतां येत नाहीं, उंच दोरीवर कपडे वाळत घालतां येत नाहींत. पुरुषाला मागच्या खिशांतून पाकीट काढणें जड जातें. आणि दोघांनाहि त्या कुशीवर झोंप येत नाहीं.

अशा वेळीं घरांत दोन पक्ष पडतात. एक पक्ष म्हणतो, वय झालें, तेल चोळा, शेक घ्या, आपोआप बरें होईल. दुसरा पक्ष म्हणतो, आतां दुर्बिणीनें अर्ध्या तासांत सर्व कांहीं होतें, तेव्हां ऑपरेशन करून मोकळें व्हावें. मौजेची गोष्ट ही कीं, दोन्ही पक्षांचें म्हणणें कांहीं खांद्यांच्या बाबतींत खरें असतें आणि कांहींच्या बाबतींत साफ चुकीचें. खांदा दुखणें हें एका रोगाचें नांव नसून अनेक रोगांचें एकच गाऱ्हाणें आहे. त्यांपैकीं आपला रोग कोणता, हें ठरण्यापूर्वींच उपायाचा वाद घालण्यांत अर्थ नाहीं.

खांद्याचा सांधा हा शरीरांतील सर्वांत मोकळा सांधा होय. गुडघा मुख्यतः बिजागरीसारखा एकाच पातळींत वळतो. मांडीच्या खुब्यांतील गोळा खोल वाटींत बसलेला असल्यामुळें तो भक्कम, पण कांहींसा जखडलेला असतो. खांद्याची रचना याच्या उलट. दंडाच्या हाडाचें वरचें टोंक म्हणजे एक वाटोळा गोळा, आणि तो ज्या खोबणींत फिरतो ती खवाट्याच्या कडेची खोबण इतकी उथळ कीं, तिला खोबण म्हणण्यापेक्षां बशी म्हणणें अधिक योग्य. गोळ्याच्या मानानें तिचा विस्तार एक तृतीयांशाच्या आसपास असतो. बशीवर लिंबू ठेवून ती उभी धरली, तर लिंबू कोठें जाईल हें सांगावयास नको. खांद्यांतील लिंबू मात्र पडत नाहीं, कारण तें हाडांनीं नव्हे, तर मऊ भागांनीं जागच्या जागीं धरून ठेविलेलें असतें.

हे मऊ भाग नीट ध्यानांत घेतले पाहिजेत, कारण पुढील सर्व हकीकत त्यांचीच आहे. बशीच्या कांठाला रबरासारखी एक चिवट कड असते. ती बशी किंचित् खोल करते. गोळा आणि बशी या दोहोंना वेढणारी एक पातळ पिशवी असते; तिला संधिकोश म्हणावें. काखेच्या बाजूला या कोशाची एक सैल घडी असते. हात खालीं असतां ती सदऱ्याच्या काखेंत बसविलेल्या जादा कापडाप्रमाणें दुमडलेली राहते आणि हात वर जातांना उलगडते. कोशाच्या बाहेरून चार स्नायूंच्या कंडरा गोळ्याला येऊन चिकटतात. सदऱ्याच्या बाहीला जसा कफ असावा तसा त्यांचा पट्टा गोळ्याभोंवतीं बसतो, म्हणून इंग्रजींत त्याला रोटेटर कफ असें नांव पडलें. आणि या सर्वांच्या वर खवाट्याच्या हाडाचें एक छप्पर असतें. छप्पर आणि कंडरा यांच्या मधल्या अरुंद जागेंत एक बुळबुळीत लहान पिशवी गादीसारखी पसरलेली असते.

आतां बिघाड कोठें झाला आहे त्यावर दुखण्याचा प्रकार ठरतो. गादी सुजली किंवा कंडरा झिजली, म्हणजे हात बाजूनें उचलतांना मधल्याच एका टप्प्यांत कळ येते. कंडरा फाटली, म्हणजे हाताची ताकद जाते. रोग्याला स्वतः हात उचलतां येत नाहीं, पण दुसऱ्यानें उचलून दिला तर तो बऱ्याच अंशीं वर जातो. बशीची कड उखडली, म्हणजे सांधा निखळूं लागतो; हें दुखणें तरुणांचें. हाडांवरील गुळगुळीत कूर्चेचें अस्तर झिजलें तर संधिवात, आणि तो क्षकिरणाच्या चित्रांत दिसतो. राहतां राहिला तो कोश. कोश जाड होऊन आकसला, म्हणजे हात रोग्याला स्वतःला हालवतां येत नाहीं आणि दुसऱ्यालाहि हालवतां येत नाहीं, क्षकिरणाचें चित्र मात्र अगदीं निर्दोष येतें. यालाच आज घरोघर फ्रोझन शोल्डर म्हणतात. त्याची एक साधी खूण आहे. कोंपर कमरेला टेकवून काटकोनांत वांकवावें आणि पंजा दार उघडल्याप्रमाणें बाहेरच्या बाजूला फिरवावा. आखडलेल्या खांद्यांत ही बाहेरची फिरकत सर्वांत आधीं आणि सर्वांत अधिक जाते.

हा रोग नवा नव्हे. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानांत अवबाहुक नांवाच्या विकाराचें वर्णन आलें आहे. खांद्याच्या ठिकाणीं राहिलेला वायु तेथील बंधनें सुकवितो, शिरा आकुंचित करतो आणि बाहु जखडतो, असा त्याचा आशय. बंधनें सुकून आंखूड होतात ही कल्पना आजच्या निदानाच्या किती जवळ आहे, हें पाहून नवल वाटल्यावांचून राहत नाहीं. मात्र जुन्या वर्णनांत आजचा एकच रोग शोधणें हें धाडसाचें ठरेल, कारण त्या एका नांवाखालीं अनेक विकार आलेले असावेत. युरोपांत १८७२ सालीं ड्युप्ले या फ्रेंच शस्त्रवैद्यानें या दुखण्याला प्रथम वेगळें स्थान दिलें. फ्रोझन शोल्डर हें नांव बोस्टनच्या कॉडमन यानें १९३४ सालच्या आपल्या ग्रंथांत रूढ केलें. पुढें १९४५ सालीं नेव्हिएझर यानें असा सिद्धांत मांडला कीं, कोश जाड होऊन चिकटपट्टीसारखा गोळ्याला चिकटून बसतो. त्यावरून चिकटणारा कोशदाह अशा अर्थाचें नांव वैद्यकांत रूढ झालें आणि अद्यापिहि तें चालूं आहे. हें नांव पुरतें बरोबर नाहीं, हें पुढें दुर्बिणीनेंच दाखवून दिलें.

चाळीस ते साठ हें या रोगाचें आवडतें वय. पुरुषांपेक्षां स्त्रियांना तो अधिक होतो. थायरॉइड ग्रंथीच्या विकारांत त्याचें प्रमाण वाढतें. परंतु त्याचें खरें सख्य मधुमेहाशीं आहे. सामान्यतः शेंकडा २ ते ५ माणसांना हा विकार होतो असें मानतात. मधुमेह्यांत हेंच प्रमाण शेंकडा १० ते २० च्या घरांत सांगितलें जातें, शिवाय तो अधिक हट्टी असतो आणि दोन्ही खांदे धरण्याचा संभवहि अधिक. ज्या शहरांतून मधुमेह हा जवळजवळ प्रत्येक कुटुंबाचा पाहुणा झाला आहे, तेथें आखडलेल्या खांद्यानें डॉक्टरांकडे गेलेल्या माणसाची प्रथम रक्तांतील साखर तपासली जावी, हें ओघानेंच आलें. आपल्याला मधुमेह आहे हें खांद्यामुळेंच प्रथम कळलें, असेंहि कित्येकांच्या बाबतींत घडतें.

रोगाच्या तीन अवस्था मानण्याचा प्रघात आहे. पहिलींत वेदना वाढत जाते, विशेषतः रात्रीं. ही कांहीं महिने टिकते. दुसरींत वेदना ओसरते, पण सांधा लांकडासारखा घट्ट होतो. तिसरींत तो हळूहळू सुटूं लागतो. सर्व मिळून एक ते तीन वर्षांचा काळ लोटतो. बहुतेक खांदे अखेरीस कामापुरते मोकळे होतात, आणि म्हणून “आपोआप बरें होईल” म्हणणारा पक्ष निराधार नाहीं. पण हा आश्वासनाचा शब्द देतांना दोन गोष्टी सांगावयाच्या राहतात. एक तर कांहीं रोग्यांचा सांधा वर्षें लोटलीं तरी थोडा आखडलेलाच राहतो. दुसरी गोष्ट अशी कीं, ज्या बाईला दोन वर्षें स्वतःची वेणी घालतां आली नाहीं, किंवा ज्या रंगाऱ्याला, सुताराला अथवा शिक्षकाला दोन वर्षें फळ्याच्या उंचीवर हात नेतां आला नाहीं, त्यांना “दोन वर्षांनीं बरें होईल” हें वाक्य कसें ऐकूं येत असेल, याचा विचार सांगणाऱ्यानें करावयास हवा.

पहिल्या पायरीचे उपाय साधे आहेत. वेदनाशामक गोळ्या, शेक, आणि सहन होईल इतपत नियमित व्यायाम. कॉडमनच्याच नांवानें ओळखला जाणारा एक व्यायाम आहे. त्यांत कमरेंत वांकून दुखरा हात लंबकासारखा सैल सोडावयाचा आणि अंगाच्या झोल्यानें तो हलूं द्यावयाचा. भिंतीवर बोटें चालवीत हात वर नेणें, दाराच्या वर कप्पी बांधून चांगल्या हातानें दोरी ओढून दुखरा हात उचलणें, हीं साधनें तर कोणत्याहि सदनिकेंत जमण्यासारखीं आहेत. वेदनेच्या अवस्थेंत सांध्यांत स्टिरॉइडचें इंजेक्शन दिल्यास कांहीं आठवडे चांगला आराम पडतो आणि व्यायाम शक्य होतात. मधुमेह्यांची साखर मात्र त्यानंतर कांहीं दिवस चढते, म्हणून तें आधीं ठाऊक असावें. कांहीं ठिकाणीं कोशांत दाबानें खारें पाणी भरून तो ताणतात. निरोगी कोशांत वीसेक घन सेंटीमीटर द्रव सहज मावतो, आखडलेल्यांत तो दहाहूनहि कमी मावतो. या एका आंकड्यावरून आंत किती आकसलें असेल याची कल्पना यावी.

सहा महिने किंवा अधिक काळ हे उपाय नेटानें करूनहि सांधा हलत नसेल, तर शस्त्रक्रियेचा विचार होतो. पूर्वापार रीत अशी कीं, रोग्याला भूल देऊन त्याचा हात हळूहळू जोर लावून फिरवावयाचा, म्हणजे आकसलेला कोश आंतल्या आंत तुटतो. ही रीत अद्यापि चालूं आहे, आणि अनुभवी हातांत ती वाईटहि नाहीं. पण कोश नेमका कोठें तुटेल हें करणाऱ्याला दिसत नाहीं, आणि हाडें ठिसूळ असलीं तर कोशाऐवजीं हाड मोडण्याचें भय असतें. आंत पाहून हवें तेवढेंच कापतां आलें तर बरें, या इच्छेंतून येथें दुर्बिणीचा प्रवेश झाला.

सांध्यांत दुर्बीण घालण्याची कल्पना शंभर वर्षांहून जुनी आहे. टोकियोच्या ताकागी यानें १९१८ सालीं मूत्राशय पाहण्याची दुर्बीण एका शवाच्या गुडघ्यांत घालून पाहिली. स्वित्झर्लंडच्या बिर्खर यानें १९२१ सालीं जिवंत माणसांच्या गुडघ्यांवरील अनुभव प्रसिद्ध केले. न्यूयॉर्कच्या बर्मन यानें १९३१ सालीं शवांवरील अभ्यास छापला, त्यांत गुडघ्याबरोबर खांद्याचाहि समावेश होता. पण दुर्बिणीच्या टोंकाला बारीकसा दिवा असे. तो फुटण्याची धास्ती आणि त्याचा अपुरा उजेड यांमुळें हें शास्त्र बरींच वर्षें कुतूहलापुरतेंच राहिलें. ताकागीचा शिष्य वातानाबे यानें नेटानें काम चालूं ठेवून १९६२ सालीं दुर्बिणींतून पाहत गुडघ्यांतील फाटलेल्या गादीचा तुकडा काढला. उजेडाची अडचण दूर झाली ती कांचेच्या केसाएवढ्या तंतूंनीं. हे तंतु एकत्र जुळवून त्यांतून चित्र नेतां येतें, हें १९५४ सालीं ज्यांनीं प्रसिद्ध केलें त्यांपैकीं एक पंजाबांत जन्मलेले नरिंदरसिंग कपानी होते. आतां प्रखर दिवा बाहेर राहतो, त्याचा उजेड तंतूंतून आंत जातो, आणि आंतील दृश्य छोट्या कॅमेऱ्यानें पडद्यावर येतें. शस्त्रवैद्य रोग्याच्या खांद्याकडे न पाहतां समोरच्या पडद्याकडे पाहून काम करतो, ही गोष्ट प्रथम पाहणाऱ्याला चमत्कारिक वाटते.

खांद्याच्या शस्त्रक्रियेसाठीं रोग्याला आरामखुर्चींत टेकल्याप्रमाणें अर्धवट बसवितात किंवा कुशीवर निजवितात. पूर्ण भूल देतात, आणि बहुधा त्याखेरीज मानेच्या मुळाशीं इंजेक्शन देऊन हाताकडे जाणारे मज्जातंतु बधिर करतात. त्यामुळें शस्त्रक्रियेनंतर पहिली रात्र वेदनेवांचून जाते, पण तितका वेळ हात लुळा पडतो. हें आधीं न सांगितल्यास घरचीं माणसें उगाच घाबरतात. नंतर पाठीमागच्या बाजूनें अर्ध्या ते एक सेंटीमीटरचें छिद्र पाडून दुर्बीण आंत घालतात. ती सुमारें ४ मिलिमीटर जाडीची असते आणि तिचें टोंक ३० अंशांनीं तिरकें कापलेलें असतें, म्हणून ती नुसती स्वतःभोंवतीं फिरविली तरी कोपऱ्याआडचें दिसूं लागतें. खारें पाणी सतत सोडून सांधा फुगवून ठेवितात. पाण्याच्या दाबानें रक्तस्राव कमी होतो आणि दृश्य स्वच्छ राहतें. पुढच्या बाजूनें आणखी एक-दोन छिद्रें पाडून हत्यारें आंत जातात.

आखडलेल्या खांद्यांत दुर्बीण शिरली म्हणजे काय दिसतें? कोशाचें आंतील अस्तर लालभडक झालेलें दिसतें, आणि पुढच्या वरच्या बाजूला कोश जाड दोरखंडासारखा घट्ट झालेला असतो. परंतु तो गोळ्याला चिकटलेला मात्र सहसा नसतो. म्हणजे चिकटणें नव्हे, आकसणें हा मुख्य दोष. नेव्हिएझरनें दिलेलें नांव ज्या कल्पनेवर उभें होतें, ती कल्पना अशी डोळ्यांनीं पाहूनच बाजूला पडली. पुढें १९९५ सालीं इंग्लंडांत या आकसलेल्या भागाचे तुकडे सूक्ष्मदर्शकाखालीं तपासले गेले. तेव्हां तळहाताचीं बोटें वांकवून टाकणाऱ्या एका प्रसिद्ध विकारांत जशा पेशी दिसतात तशाच तेथें आढळल्या. त्या पेशी व्रणासारखी चिवट ऊति विणतात आणि ती आवळतात.

हा दोर विद्युत्कंपनांवर चालणाऱ्या एका बारीक सळईनें कापीत जातात. प्रथम पुढचा भाग, मग खालचा, आणि जरूर पडल्यास मागचा. खालच्या भागांत हात जपून चालवावा लागतो, कारण काखेंतील घडीच्या अगदीं जवळून एक मज्जातंतु जातो आणि हात उचलणारा खांद्यावरचा मोठा स्नायु त्याच्यावरच अवलंबून असतो. कापून झाल्यावर हात हळुवार फिरवून पाहतात. टेबलावरच हात डोक्यावर जातो, आणि बाहेर बसलेल्या नातेवाइकांना तें सांगितलें म्हणजे त्यांना वाटतें कीं काम संपलें. वस्तुतः काम तेथें सुरू होतें. कापलेला कोश भरून येतांना पुन्हां आकसण्याची शिकस्त करतो. दुसऱ्याच दिवसापासून, दुखत असतांना, दिवसांतून अनेक वेळां हात फिरविला नाहीं तर कांहीं आठवड्यांत गाडी मूळपदावर येते. मधुमेह्यांना ही सुधारणा उशिरां आणि कांहींशी कमीच मिळते.

फाटलेल्या कंडरेच्या बाबतींत हाच नियम उलटा होतो, आणि घरच्या मंडळींचा गोंधळ बहुधा येथेंच उडतो. तेथें दुर्बिणींतून पाहत हाडांत बारीक खुंट्या बसवितात, त्यांना जोडलेल्या धाग्यांनीं कंडरा हाडाला शिवतात, आणि मग चार ते सहा आठवडे हात झोळींत ठेवावा लागतो. कंडरा हाडाशीं एकजीव व्हावयास तीन महिने लागतात. तोंपर्यंत उत्साहानें हात उचलणारा रोगी आपली शिवण आपणच उसवितो. शेजारच्या बाईनें दुसऱ्या दिवशींच हात फिरवायला सुरुवात केली म्हणून आपणहि तसेंच करावें, किंवा शेजारच्या गृहस्थानें महिनाभर झोळी घातली म्हणून आपणहि घालावी, हें अनुकरण दोन्ही बाजूंनीं घातक आहे. दोघांच्या खांद्यांवर बाहेरून सारखींच दोन-तीन छिद्रें दिसत असलीं, तरी आंत एकाचें कापलेलें असतें आणि दुसऱ्याचें शिवलेलें.

सांधा निखळण्याचा प्रकार ठाणें-रायगडकडच्या कबड्डीच्या मैदानांवर नेहमीं पाहावयास मिळतो. पकडींत हात ओढला जातो आणि गोळा पुढें सरकतो. बशीची कड उखडणें हें त्याचें मूळ, असें लंडनच्या बँकार्ट यानें १९२३ सालीं दाखविलें, आणि ती कड दुर्बिणीनें पुन्हां कांठाला शिवणें हें आज सर्वत्र रूढ आहे. ही शस्त्रक्रिया तरुण खेळाडूला खेळांत परत आणते, यांत शंका नाहीं.

शंका आहे ती दुसऱ्याच एका शस्त्रक्रियेविषयीं. कंडरांवरचें हाडाचें छप्पर खालच्या बाजूनें तासून जागा मोठी करावयाची, म्हणजे घर्षण थांबेल आणि दुखणें जाईल, या युक्तिवादावर जगभर लक्षावधि खांद्यांवर दुर्बीण चालली. युक्तिवाद इतका सरळ होता कीं, त्याची परीक्षा घ्यावी असें फार दिवस कोणाला वाटलें नाहीं. अखेरीस इंग्लंडांत ३१३ रोग्यांवर एक चाचणी झाली. एका गटाचें छप्पर तासलें, दुसऱ्या गटांत दुर्बीण घालून नुसतें पाहून बाहेर काढली, तिसऱ्याला कांहींच केलें नाहीं. लॅन्सेट साप्ताहिकांतून २०१८ सालीं आलेला निष्कर्ष असा कीं, तासलेल्या आणि नुसत्या पाहिलेल्या गटांत फरक नव्हता, आणि कांहींच न केलेल्या गटापेक्षां ते दोघेहि जें थोडें पुढें होते, तें रोग्याला जाणवण्याजोगें नव्हतें. त्याच वर्षीं फिनलंडमधूनहि तसाच निकाल आला. ब्रिटिश मेडिकल जर्नलनें २०१९ सालीं प्रसिद्ध केलेल्या मार्गदर्शनांत ही शस्त्रक्रिया करूं नये असें स्पष्ट शब्दांत सांगितलें. सुबक छिद्रें, स्वच्छ चित्र आणि पटणारें कारण हीं तिन्ही असूनहि उपाय निरुपयोगी ठरूं शकतो, याचें हें उदाहरण वैद्यकांत दीर्घकाळ सांगितलें जाईल.

आखडलेल्या खांद्याचीहि अशीच परीक्षा झाली. ब्रिटनमधील ५०३ रोग्यांची तीन गटांत विभागणी करून एका गटाला इंजेक्शन व पद्धतशीर फिजिओथेरपी, दुसऱ्याला भूल देऊन हात फिरविणें, आणि तिसऱ्याला दुर्बिणीनें कोश मोकळा करणें, असे उपाय देण्यांत आले. निकाल २०२० सालीं प्रसिद्ध झाला. वर्षअखेर तिन्ही गट पुष्कळ सुधारले होते. दुर्बिणीचा गट किंचित् पुढें होता, पण इतका नव्हे कीं रोग्याला तें ठळकपणें जाणवावें, आणि गंभीर उपद्रव जे थोडे झाले त्यांतील बहुतेक त्याच गटांत झाले. यावरून दुर्बीण टाकाऊ ठरत नाहीं. व्यायामाच्या गटांतील ज्यांना पुरेसा गुण आला नाहीं अशा कांहींना पुढें शस्त्रक्रियेचा मार्ग धरावा लागला, आणि तो त्यांना खुला होता हें चांगलेंच झालें. एवढें मात्र दिसतें कीं, पहिल्याच भेटींत ऑपरेशनची तारीख ठरविण्याची घाई करण्यासारखें या रोगांत कांहीं नाहीं. फाटलेल्या कंडरेचें तसें नाहीं. पडल्यामुळें किंवा अपघातानें ती एकाएकीं फाटली असेल आणि हात उचलेनासा झाला असेल, तर महिनोगणती व्यायाम करीत बसण्यानें स्नायु आकसतो, त्यांत चरबी भरते आणि नंतर शिवण धरत नाहीं. एका खांद्याला जी सबुरी तारते, तीच दुसऱ्याला बुडविते.

शस्त्रक्रियेनंतरचा काळ किती लांब असतो याचा एक दाखला महाराष्ट्राला चांगला परिचित आहे. सचिन तेंडुलकर यांच्या उजव्या खांद्यावर मार्च २००६ मध्यें लंडन येथें शस्त्रक्रिया झाली. जगांतील उत्तम शस्त्रवैद्य, उत्तम व्यायामशिक्षक आणि बत्तीस वर्षांचें कसलेलें शरीर, इतकें सर्व अनुकूल असूनहि वेस्ट इंडीजचा दौरा त्यांना सोडावा लागला. भारताच्या संघांत ते परतले ते सप्टेंबरांत, क्वालालंपूर येथें, आणि १४ सप्टेंबर २००६ रोजीं वेस्ट इंडीजविरुद्ध त्यांनीं नाबाद १४१ धावा काढल्या. मध्यें सुमारें साडेपांच महिने गेले. पुढें २५ एप्रिल २०१० रोजीं नेरूळच्या डी. वाय. पाटील मैदानावर आय. पी. एल. स्पर्धेच्या अंतिम सामन्यांत ते मुंबईकडून खेळले आणि ४८ धावा काढून बाद झाले. त्या सायंकाळीं प्रेक्षकांना चिंता होती ती त्यांच्या जखमी हाताची. खांद्याची आठवणहि कोणाला झाली नसावी.

आज अशा शस्त्रक्रियेसाठीं लंडन गांठावें लागत नाहीं. मुंबई, ठाणें आणि नवी मुंबईच्या रुग्णालयांतून ती नित्य होते, आणि रोगी बहुधा दुसऱ्या दिवशीं घरीं येतो. कठीण जातें तें त्यानंतरचें. उजवा हात झोळींत असतां आंघोळ कशी करावयाची, जेवावयाचें कसें, सदरा कोणत्या हातानें आधीं घालावयाचा याची शिकवणूक आधींच मिळालेली बरी. दुखरा हात बाहींत आधीं घालावा आणि काढतांना शेवटीं काढावा, ही युक्ति क्षुल्लक दिसते, पण पहिल्या पंधरवड्यांत तिच्याइतकें दुसरें कांहीं उपयोगीं पडत नाहीं. पुढचे पागोळे मोडणारे कपडे आधीं शिवून ठेवावेत. झोंपण्यास उशा रचून अर्धवट बसती गादी करावी. फिजिओथेरपीच्या फेऱ्यांसाठीं वेळ आणि पैसा यांची तजवीज ऑपरेशनच्या खर्चांतच धरावी. ती न धरल्यामुळें मध्येंच सोडलेला व्यायाम हें निष्फळ शस्त्रक्रियेचें एक नेहमींचें कारण आहे.

आखडलेला खांदा एकदां मोकळा झाला म्हणजे तोच खांदा सहसा पुन्हां आखडत नाहीं. दुसरा मात्र कांहीं रोग्यांना पुढील चार-पांच वर्षांत धरतो. पण तेव्हां रोगी जुना जाणता झालेला असतो. केसांपर्यंत जाणारा हात दुखूं लागतांच, बाहेरची फिरकत थोडी कमी होतांच, तो पहिल्या खेपेप्रमाणें आठ महिने तेल चोळीत बसत नाहीं. साखर तपासून घेतो, वेदनेच्या आरंभींच इंजेक्शन कितपत उपयोगी पडेल हें डॉक्टरांना विचारतो, आणि माळ्यावर टाकलेली कप्पी व दोरी खालीं काढून पुन्हां दारावर बांधतो.